खिळ्यांचं वजन : क्वीन्स्टन ते टोरोंटो, मॅकेन्झींच्या मागावर

नायगाराला आलेली आपली मंडळी धबधबा पाहतात, बोटीत भिजतात आणि टोरोंटोला परततात. त्यातले दोन-अडीच तास वाचवा आणि नदीकाठच्या नायगारा पार्कवेने उत्तरेला क्वीन्स्टन गावात जा. सरकारवर टीका करणारे पत्रकार आणि राजकारणी विल्यम लायन मॅकेन्झी यांनी १८ मे १८२४ रोजी 'कलोनियल अ‍ॅडव्होकेट' हे वृत्तपत्र इथेच सुरू केलं. मूळ वास्तू पडली होती, आजची दगडी इमारत १९३०च्या दशकात पुन्हा उभी केलेली. आत छापखान्याचं संग्रहालय आहे.

इथे घाई करू नका. खिळे, म्हणजे छपाईची धातूची सुटी अक्षरं, जुळवायला मिळाले तर जरूर जुळवा. अक्षरं उलटी, ओळ मात्र डावीकडूनच भरायची. चार शब्द जुळवताना माझी बोटं काळी झाली आणि हातातली स्टिक (खिळे ओळीत लावायची पट्टी) चांगलीच जड लागायला लागली. पुढची हकिकत मला त्या वजनामुळेच नीट कळली. ८ जून १८२६ रोजी सत्ताधारी घराण्यांतल्या तरुणांनी यॉर्कमधला, म्हणजे आजच्या टोरोंटोतला, मॅकेन्झींचा छापखाना फोडला आणि खिळे तलावात फेकले. मॅकेन्झी तेव्हा कर्जात बुडालेले. कोर्टाने ६२५ पौंड भरपाई दिली आणि बंद पडायला आलेलं पत्र त्याच पैशावर तगलं!

गावाच्या वरच्या टेकडीवर १८१२च्या युद्धात इथे पडलेले ब्रिटिश सेनानी जनरल ब्रॉक यांचं स्मारक आहे. पहिल्या स्मारकाच्या पायात मॅकेन्झींनी आपल्या पत्राचा अंक ठेवला होता. गव्हर्नरने तो उकरून काढायला लावला.

टोरोंटोत बाँड स्ट्रीटवर मॅकेन्झी हाउस आहे, ईटन सेंटरपासून चालत जाण्याइतकं जवळ. मित्रांनी वर्गणी काढून हे घर त्यांना घेऊन दिलं, आणि १८६१ मध्ये ते इथेच वारले. राजकारणाची कहाणी इथे ऐका. १८२८ मध्ये ते वसाहतीच्या विधानसभेवर निवडून आले, १८३१ मध्ये सभागृहाने हाकललं, जानेवारी १८३२ मधल्या पोटनिवडणुकीत ११९ विरुद्ध १ मतांनी परत आले, आणि तरी पुन्हा हाकलले गेले. १८३४ मध्ये ते टोरोंटोचे पहिले महापौर झाले, पण ते पद वर्षभरच टिकलं. माझ्या मते ते कारभारी नव्हतेच, त्यांचा पिंड पत्रकाराचा.

डिसेंबर १८३७ मध्ये त्यांनी वसाहतीच्या सरकारविरुद्ध केलेला उठाव फसला. मॅकेन्झी अमेरिकेत निसटले. त्यांचे साथीदार सॅम्युएल लाउंट आणि पीटर मॅथ्यूज यांना एप्रिल १८३८ मध्ये फाशी झाली. माफी मिळाल्यावर मॅकेन्झी परतले आणि १८५१ मध्ये पुन्हा निवडूनही आले. साथीदार फासावर गेले, ते मात्र वाचले. म्हणून टोरोंटोतली नेक्रोपोलिस दफनभूमी चुकवू नका. तिथे या तिघांच्याही कबरी आहेत. मॅकेन्झींबद्दल मला अपार आदर आहे, पण लाउंट आणि मॅथ्यूज यांच्यापुढे उभं राहिल्याशिवाय त्यांचा हिशेब पुरा होत नाही.

जाणाऱ्यांसाठी थोडं : क्वीन्स्टनचं संग्रहालय हंगामीच उघडतं, त्यामुळे उन्हाळ्यात जा आणि वेळा आधी तपासा. तिथे गाडी असलेली बरी. टोरोंटोत दफनभूमीला जायला कार्ल्टन स्ट्रीटवरून ५०६ नंबरची ट्राम पकडून पार्लमेंट स्ट्रीटला उतरा, पुढे चालत जाता येतं. मुलं सोबत असतील तर दफनभूमीसमोरच रिव्हरडेल फार्म आहे. अमेरिकेच्या बाजूने नायगारा पाहायला येणाऱ्यांनी कॅनडाचा व्हिसा वेगळा काढायला विसरू नये, कारण ही सगळी ठिकाणं नदीच्या कॅनडाकडच्या अंगाला आहेत.