लाइट गयी का रे?

"लाइट गयी का रे?" स्वयंपाकघरातून आई ओरडली. तोवर मीही टेपरेकॉर्डरची वायर हलवून बघितली होती. डोक्यावर पंखा मात्र गरगरत होता, आणि अमळनेरच्या मे महिन्यात भरदुपारी पंखा फिरतोय म्हणजे लाइट आहेच. गाणंच मध्येच तुटलं होतं. आवाज हळूहळू विरला नाही, तोच तुकडा तीनदा वाजवून संपवणारी तिहाई नाही, काही नाही. आठ मिनिटं धो धो वाजून 'पुल मी अंडर' एकदम बंद.

पुण्यात शिकणाऱ्या चुलतभावाने भरून आणलेली ती कॅसेट. ड्रीम थिएटर या अमेरिकन रॉक बँडचा दुसरा अल्बम, 'इमेजेस अँड वर्ड्स', 1992 चा. 1989 मधला पहिला अल्बम फारसा चालला नव्हता, गायकही गेला होता. नव्याच्या शोधात दोनेक वर्षं गेली, तेव्हा कुठे कॅनडातला जेम्स लाब्री सापडला. इतकं पोळल्यावर माणूस फुंकून पितो, रेडिओला चालतील अशी तीन-तीन मिनिटांची गाणी करतो. यांनी आठ गाण्यांत 57 मिनिटं भरली. आणि गंमत म्हणजे एमटीव्हीवर गाजलं ते हेच तुटकं गाणं, तेही आणखी कापून!

"आसं कोठे गानं ऱ्हास का?" असं कुठे गाणं असतं का, हा आईचा निकाल. श्रावणात कानबाई देवीची गाणी रात्र-रात्र म्हणणारी बाई ती.

थंडीत ती बडगीत, म्हणजे लाकडी उखळात, भरीत ठेचायची, तेव्हा मी शेजारी बसून याच गाण्यांच्या मात्रा मोजायचो. सात आल्या की रूपक ताल सापडल्याचा आनंद. तेवढ्यात ड्रमवाला भलतीकडे वळायचा आणि मी आईच्या ठोक्यावर आपटायचो. तिची लय कधी चुकली नाही.

कॅसेटचं शेवटचं गाणं, 'लर्निंग टू लिव्ह', साडेअकरा मिनिटांचं. तेही शेवटी खटकन तुटायचं. पहिल्याच्या अनुभवाने शहाणा झालेला मी, सुरुवातीचा नि शेवटचा असे दोन्ही घाव बँडने कसे जुळवून घातलेत, हे मित्रांना रंगवून सांगत असे. पंधरा वर्षांनी सीडी ऐकली. ते गाणं छान सावकाश विरत जातं. दुसऱ्या बाजूची गाणी तीस मिनिटांहून जरा जास्त भरतात आणि आमची कॅसेट होती साठ मिनिटांची, म्हणजे एका बाजूला तीसच.

चुलतभावाला फोन केला. तो शांतपणे म्हणाला, "नव्वदनी महाग व्हती ना भो!"