‘इथे काळ कोसळतो’ एवढंच लिहिलं आणि आठ महिने अडकले

कादंबरीतलं जग उभं करायला मला फार त्रास झाला नाही. नकाशा, नद्या, दोन चंद्र, भांडकुदळ राजघराणी, सगळं मजेत झालं, त्याबद्दल काही सांगत नाही. सांगायचंय ते अकराव्या प्रकरणाबद्दल. आराखड्यात मी लिहून ठेवलं होतं, ‘इथे काळ कोसळतो’. लिहायला दहा सेकंद लागले असतील. आणि त्या दहा सेकंदांनी माझे आठ महिने खाल्ले, अजून आठवलं की डोकं फिरतं.

पहिला उद्योग सगळे करतात तोच केला, काळ थांबवला. सगळे पुतळे आणि एकटी नायिका फिरतेय. छान वाटलं दोन दिवस. मग लक्षात आलं की काळ थांबला म्हणजे उजेडही जागच्या जागी थांबला, तो हिच्या डोळ्यात शिरणार कसा, म्हणजे बाई ठार आंधळी. हवाही थिजलेली, म्हणजे श्वासही नाही. गेलं ते प्रकरण कचऱ्यात. मग काळ उलटा फिरवून बघितला, तर नुसता विनोदी झाला.

मध्येच सांगून टाकते, टाइमलाइन स्प्रेडशीटमध्ये करू नका. मी केली. मी वापरत होते तिला 1900 च्या आधीची तारीख तारीख वाटतच नाही, आणि वर 29 फेब्रुवारी 1900 हा कधी उगवलाच नाही तो दिवस मात्र तिच्यात ऐटीत बसलेला. वहीत उभ्या रेघा मारा, एका पात्राला एक रेघ, काम होतं.

मग मी ठरवलं की काळ थांबत नाही, फक्त घटनांचा क्रम सुटतो. आधी काय, नंतर काय, याची माळच तुटते. आणि कोसळायला सुरुवात खालून, विहिरीच्या तळापासून. हे अगदीच मनाचं नव्हतं, गुरुत्वाकर्षणामुळे खाली ठेवलेलं घड्याळ वरच्यापेक्षा कणभर हळू चालतंच. जीपीएसच्या उपग्रहांतली घड्याळं वेगाचा परिणाम वजा करूनही रोज 38 मायक्रोसेकंद पुढे धावतात, ती दुरुस्त करावी लागतात. म्हटलं खऱ्या जगातच काळ असा भेगाळलेला आहे, आपण फक्त भेग रुंद करायची.

तर प्रसंग असा. गावाची विहीर, काठावर पाण्याच्या घंगाळात तरंगणारं घटिकापात्र. बुडाला भोक असलेली वाटी, ती भरून बुडाली की एक घटका, म्हणजे 24 मिनिटं, झाली. (मी घरी खिळ्याने भोक पाडून बघितलं, माझी वाटी दीड मिनिटात बुडाली, भोक किती बारीक हवं ते तेव्हा कळलं.) एका सकाळी वाटी पाण्यात ठेवायच्या आधीच बुडालेली सापडते. आणि त्याच सकाळी एक आई हंबरडा फोडते, कारण तिचं पोर विहिरीत पडलंय. पोर तर शेजारी उभं. ते संध्याकाळी पडणार आहे.

मी खूश. मैत्रिणीला वाचायला दिलं. तिने एकच प्रश्न विचारला, “अगं, हिला सकाळीच कळलं तर हिने पोराला घरात कोंडून का नाही ठेवलं?”

झालं. इथे मी अडकले ती अडकलेच. आईला विसर पाडला, मैत्रीण म्हणाली सोयीचं आहे. नियतीच तशी होती असं लिहिलं, म्हणाली हे तर अजूनच सोयीचं. आईला बांधून ठेवलं, मुकी केली, एका खर्ड्यात तर पोरच बदललं. प्रत्येक वेळी तोच प्रश्न, त्याच शांत आवाजात. सहाव्या महिन्यात मी तिचे फोन उचलणं बंद केलं, खोटं कशाला सांगू.

शिवाय मराठी आडवी येत होती. क्रियापद शेवटी येतं आणि तेच सांगून टाकतं की पडलं, पडतंय की पडेल. काळ कोसळलेला आणि व्याकरणात तिन्ही काळ ठणठणीत!

सुटलं ते एका फालतू फोनवर. कोणीतरी विचारलं, “परवा येतेस ना?” आणि मी म्हटलं, “परवा तर येऊन गेले.” आणि मी तशीच उभी राहिले. परवा! गेलेलाही परवा आणि येणाराही परवा.

त्या रात्री प्रकरण पुन्हा लिहिलं. घडून गेलं की घडायचंय हे आईला स्वतःलाच कळत नाही. क्रियापदापर्यंत ती पोचतच नाही. “पोर... परवा... विहिरीत...” एवढंच बोलते. ऐकणारे सगळे तो गेलेला परवा धरतात, डोक्यावर पदर घेऊन सांत्वनाला येतात, तिच्याभोवती बसतात. आख्खं गाव तिच्या दारात, आणि विहिरीवर कोणीच नाही.

मैत्रिणीला पाठवलं. दोन तास काही नाही, मग फक्त “हं” आलं. तिच्याकडून हं म्हणजे खूप आहे.

अजून एक राहिलं. नुसते दिवस गायब करून काळ कोसळत नाही हो. 1582 मध्ये युरोपातल्या काही देशांत कॅलेंडर सुधारताना 4 ऑक्टोबरनंतर थेट 15 ऑक्टोबर आणला होता, कोणाच्या डोक्यावरचा एक केस जास्तीचा पिकला नाही. तारीख वेगळी, काळ वेगळा. हे मला दुसऱ्याच महिन्यात कळायला हवं होतं, मी तोवर कॅलेंडरची पानं फाडत बसले होते.

बाराव्या प्रकरणावर आहे आता. काल मैत्रिणीचा मेसेज आला, “तेरवाचं काय केलंस?”