कोआला पाहुणा, कॅसोवरी घरची

केर्न्सला जाणारे बहुतेक प्रवासी समुद्रासाठी जातात. ग्रेट बॅरियर रीफकडे नेणाऱ्या बोटी रोज सकाळी तेथील धक्क्यावरून सुटतात, आणि आमच्या मुलानेही ब्रिस्बेनहून विमानाची तिकिटे काढताना दोन्ही दिवस बोटीसाठीच राखून ठेवले होते. परंतु यांना दाभोळच्या खाडीतील फेरीबोटसुद्धा सोसत नाही. त्यामुळे एक दिवस समुद्राला आणि एक दिवस डोंगराला, अशी तडजोड झाली. कोकणातल्या शाळेत तीस वर्षे जीवशास्त्र शिकवण्यात गेलेल्या मला ती तडजोड मनापासून आवडली होती, पण तसे मी बोलून दाखवले नाही.

डोंगर म्हणजे कुरांडा. केर्न्सच्या पाठीशी उभ्या असलेल्या डोंगररांगेवर, समुद्रसपाटीपासून सुमारे ३३० मीटर उंचीवर वसलेले हे छोटे गाव. तेथे जाण्यासाठी मोटाररस्ता आहे, जंगलाच्या माथ्यावरून साडेसात किलोमीटर जाणारा रोपवे आहे आणि जुनी रेल्वेही आहे. आम्ही रेल्वे निवडली. डोंगरापलीकडच्या हर्बर्टनच्या कथील खाणींतील लोकांची पावसाळ्यात वाटा बंद झाल्यामुळे अन्नान्नदशा होत असे. त्यांच्यासाठी हा मार्ग काढायचे ठरले. १८८६ मध्ये काम सुरू झाले, १८९१ मध्ये गाडी कुरांडाला पोहोचली, आणि वाटेतले पंधरा बोगदे मजुरांनी हाताने खोदले. बोरघाटाच्या गाडीतून लहानपणापासून ये-जा केलेल्या माणसाला या प्रवासात काही गोष्टी ओळखीच्या वाटतात: बोगद्यात शिरताना मुलांची आरोळी, कड्यावरून रुळांलगत कोसळणारे पाणी आणि खिडकीतून येणारा ओल्या मातीचा वास. जून महिना होता, म्हणजे तिकडचा हिवाळा आणि कोरडा ऋतू, तरीही बॅरन धबधब्याला पाणी बऱ्यापैकी होते.

कुरांडापासून थोड्या अंतरावर, महामार्गालगत, रेनफॉरेस्टेशन नेचर पार्क आहे. गावातून तेथे बसने जाता येते. पर्जन्यवन, प्राणी आणि आदिवासी संस्कृती या तिन्ही गोष्टी एकाच आवारात दाखवणारे हे उद्यान असल्यामुळे, अशा ठिकाणी जे होते ते येथेही होणार असे मी धरून चालले होते. म्हणजे छायाचित्रे पुष्कळ आणि माहिती बेताची. प्रत्यक्षात माहिती भरपूर मिळाली. त्याहून अधिक म्हणजे, समोर दिसणारी कोणती गोष्ट या जंगलाची आणि कोणती बाहेरून आलेली, हे कोडे मला दिवसभर पुरले.

सुरुवात बाहेरच्याच वस्तूने झाली. जंगलात फिरवणारी ‘आर्मी डक’ ही सहा चाकांची गाडी दुसऱ्या महायुद्धातली अमेरिकी बनावटीची आहे. ‘डक’ हे नाव बदकावरून पडलेले नसून कारखान्याच्या सांकेतिक अक्षरांवरून पडले. त्यातले पहिले अक्षर १९४२ हे वर्ष दाखवते. ही गाडी जमिनीवर चालते आणि पाण्यात तरंगते. सैनिकांना जहाजातून किनाऱ्यावर उतरवण्यासाठी घडवलेले हे यंत्र आता पर्यटकांना घेऊन चिखलाच्या वाटेने घरघरत जाते आणि एका तळ्यापाशी पोहोचल्यावर न थांबता सरळ पाण्यात शिरते. त्या क्षणी यांनी माझा हात घट्ट धरला. बोट टाळण्यासाठी डोंगरावर आलेल्या माणसाला डोंगरावरही बोटीत बसावे लागले, यावर मुलगा पुढचे दोन दिवस हसत होता.

गाडी चालवणारी तरुणी झाडांची नावे सांगत होती आणि येथे मात्र सगळे घरचेच होते. क्वीन्सलँडचा हा ओला, उष्ण पट्टा सुमारे नऊ लाख हेक्टरांचा असून १९८८ मध्ये तो जागतिक वारसा ठरला. आपल्या पश्चिम घाटाला, त्यातल्या कास, कोयना, चांदोली आणि राधानगरीसह, तो मान २०१२ मध्ये मिळाला. कोट्यवधी वर्षांपूर्वी भारत आणि ऑस्ट्रेलिया गोंडवन या एकाच महाखंडाचे भाग होते, हे मी वर्गात असंख्य वेळा सांगितले असेल. पण फळ्यावर काढलेले नकाशे आणि समोरचे झाड यांत फार अंतर असते. दुसऱ्या झाडाच्या शेंड्यावर रुजून, खाली मुळे सोडत त्याला आवळत जाणारा वडाच्या कुळातला वृक्ष येथे पावलोपावली दिसतो. पडक्या देवळाच्या भिंतीतून उगवलेला पिंपळ ज्यांनी पाहिला आहे, त्यांना त्याचा स्वभाव समजावून सांगावा लागत नाही. खोडांच्या बेचक्यांत टोपलीएवढे नेचे बसलेले होते. आणि वेत! आकड्यांसारख्या काट्यांचे लांब फटके सोडणारा हा वेत आपल्या सह्याद्रीतल्या वेताच्याच प्रजातीतला आहे. येथील लोक त्याला ‘जरा थांब’ अशा अर्थाच्या नावाने ओळखतात, कारण तो कपड्यांत अडकला की सोडवून घेईपर्यंत थांबण्यावाचून गत्यंतर नसते.

एका वळणावर गाडी मुद्दाम हळू केली गेली. वाटेच्या कडेला, ऊन पडलेल्या मोकळ्या जागेत, बदामाच्या आकाराच्या मोठ्या, मऊ दिसणाऱ्या पानांचे एक झुडूप होते. हात बाहेर काढू नका, असे आम्हाला दोनदा बजावण्यात आले. ते जिम्पी-जिम्पी होते. त्याच्या पानांवरचे काचेसारखे सूक्ष्म केस त्वचेत मोडून राहतात आणि त्यांची आग महिनोन्‌महिने पुन्हा पुन्हा उसळू शकते. क्वीन्सलँड विद्यापीठाच्या संशोधकांनी २०२० मध्ये त्यातील विष वेगळे करून दाखवले, तेव्हा त्याची रचना कोळ्यांच्या आणि शंकुगोगलगायींच्या विषासारखी निघाली. खाजकुयलीच्या शेंगांनी एकमेकांना छळणारे माझे विद्यार्थी मला आठवले, आणि चिपळूण परिसरात हे झाड उगवत नाही याचे समाधान वाटले.

प्राणी पाहण्याच्या भागात गर्दी अर्थातच कोआलाजवळ होती. क्वीन्सलँडमध्ये कोआलाला कडेवर घेऊन छायाचित्र काढू देण्यास कायद्याने परवानगी आहे; न्यू साउथ वेल्समध्ये नाही. यांनी रांगेत उभे राहून छायाचित्र काढून घेतले, आणि नातवंडाला घेतल्यासारखा चेहरा करून ते उभे होते हेही नोंदवून ठेवते. मी घेतला नाही. दिवसातले अठरा-वीस तास झोपणाऱ्या जिवाला आपल्यासाठी जागे का करावे, असे मनात आले. यांच्या मते तो माझा शिक्षकी बाणा. पण खरे तर कोआला या जंगलाचा नव्हेच. त्याचे अन्न निलगिरीची पाने, आणि निलगिरी उघड्या, कोरड्या रानात वाढते. घनदाट पर्जन्यवनात तो उपाशी मरेल. कांगारूही बहुतांशी मोकळ्या गवताळ प्रदेशातले. मात्र त्यांच्यातला एक भाऊबंद, लम्होल्ट्झचा वृक्षकांगारू, याच डोंगरांतल्या झाडांवर राहतो, आणि तो सहसा कोणाला दिसत नाही. ऑस्ट्रेलियन अकेशिया लावलेली कोकणातली माळराने पाहिली की मला नेहमी वाटते, पाहुण्यांना मान मिळतो आणि घरचे कोपऱ्यात राहतात.

मगरीच्या कुंपणापाशी मात्र सगळे गप्प होते. खाऱ्या पाण्यातली ही मगर आपल्याकडे सुंदरबन, भितरकनिका आणि अंदमानात आढळते. वाशिष्ठीच्या काठावर ऊन खात पडलेली मगर तिच्यापुढे सौम्य म्हणावी लागेल.

जंगलाची खरी मालकीण होती कॅसोवरी. माणसाच्या उंचीला येणारा, उडता न येणारा हा काळाभोर पक्षी. निळी मान, गळ्याला लोंबणारे लाल मांसल लोलक, डोक्यावर शिरस्त्राणासारखा तुरा आणि पायाच्या आतल्या बोटाला कट्यारीसारखी नखी. अंडी उबवण्याचे आणि पिल्ले वाढवण्याचे काम नर करतो, हे फलकावर वाचून शेजारच्या दोन बाईंनी आपापल्या यजमानांकडे पाहिले. कॅसोवरी जमिनीवर पडलेली फळे सगळीच्या सगळी गिळते आणि बिया दूरवर टाकते. काही झाडांची फळे इतकी मोठी असतात की दुसरा कोणताही प्राणी ती गिळून दूर नेऊ शकत नाही. त्यामुळे कॅसोवरी कमी झाली की काही झाडांची पुढची पिढी आईच्या सावलीतच अडकून पडते. मी कुंपणापाशी पाऊण तास उभी होते. तिने एकदा थांबून माझ्याकडे तिरक्या नजरेने पाहिले आणि पुन्हा आपल्या कामाला लागली.

दुपारी पामागिरी या आदिवासी नर्तकगटाचा कार्यक्रम झाला. झाडांखालच्या रंगमंचावर, अंगावर पांढरी माती आणि गेरू रेखलेल्या कलावंतांनी पक्ष्यांचे, कांगारूंचे आणि शिकारीचे नाच केले. मला त्यात आवडले ते त्यांचे थांबणे. पाय आपटता आपटता नर्तक एकदम स्थिर होतो, मान वळते, आणि क्षणभर खरोखरीचा पक्षी समोर असल्यासारखे वाटते. हे नाच आज पाहायला मिळतात, यामागे एक कठीण इतिहास आहे. कुरांडाचा परिसर जाबुगाय लोकांचा. बॅरन नदीची घळ बुडाजी नावाच्या प्रचंड अजगराने वळणे घेत कोरली, असे त्यांची सृष्टिकथा सांगते. १९१३ मध्ये जवळच मोना मोना हे मिशन उभे राहिले, आणि ठिकठिकाणच्या आदिवासींना त्यांच्या भूमीवरून हलवून तेथे ठेवण्यात आले. मुलांना आईवडिलांपासून वेगळे करून वसतिगृहात वाढवण्यात आले. मिशन १९६२ मध्ये बंद पडले. बॅरन घळीच्या राष्ट्रीय उद्यानावरील जाबुगायांचा पारंपरिक हक्क न्यायालयाने मान्य केला तो २००४ मध्ये. मधल्या काळात भाषा, गाणी आणि नाच ज्या घरांनी जपून ठेवले, त्यांचे ऋण कोणत्याही तिकिटावर छापलेले नसते.

नंतर एका वाटाड्याने आम्हाला जंगलवाटेवर नेऊन बूमरँग फेकायला शिकवले. आमच्या मुलाचे बूमरँग परतले, यांचे झुडपात गेले. डिजेरिडू हे लांब लाकडी फुंकवाद्य वाजवून दाखवताना त्याने श्वास न तोडता, गालांत हवा साठवून नाकाने श्वास घेत सूर चालू ठेवला. वारली पाड्यावर तारपा ऐकलेल्या कोणालाही ही युक्ती ओळखू येईल. तारपावाला रात्रभर असाच श्वास फिरवत राहतो. मी तसे सांगितल्यावर त्याने तारपा कशाचा करतात, असे विचारले. भोपळ्याचा, मी म्हणाले. मग तोच हसत म्हणाला, की डिजेरिडूही येथील पाहुणाच. त्याचे मूळ घर उत्तरेकडचे आर्नहेम लँड. परतून येणाऱ्या बूमरँगचेही तसेच: जेथे चार पावलांवर झाड आडवे येते, तेथे ते फेकणार कोठे? पर्जन्यवनातील लोकांची स्वतःची शस्त्रे वेगळी होती. वडाच्या कुळातील झाडांच्या, फळ्यांसारख्या रुंद पाखमुळांतून कापून, रंगवलेल्या मोठ्या ढाली आणि कठीण लाकडाच्या लांब तलवारी.

त्याने शेवटी दाखवलेली वस्तू मला सर्वांत मोलाची वाटली. वेताची विणलेली, तळाशी दोन टोके असलेली एक टोपली. तिच्यात विष धूत असत. या जंगलात ब्लॅक बीन नावाचा वृक्ष आहे. त्याच्या जाड शेंगेत तीन-चार मोठ्या, चेस्टनटसारख्या बिया असतात आणि त्या विषारी आहेत. बिया आधी भाजायच्या, गोगलगायीच्या शंखाच्या धारेने त्यांचे पातळ काप काढायचे, टोपलीत भरून काही दिवस वाहत्या ओढ्यात ठेवायच्या आणि मग कुटून खायच्या. १७७० मध्ये याच किनाऱ्यावर, उत्तरेला एंडेव्हर नदीपाशी, कॅप्टन कुकच्या माणसांना आदिवासींच्या चुलींजवळ सायकस या झाडाच्या, तशाच विषारी बियांची टरफले सापडली. यांना चालते तर आपल्यालाही चालेल, असे समजून काहींनी त्या बिया खाल्ल्या आणि ते ओकून ओकून बेजार झाले; जहाजावरची डुकरेही दगावली. टरफले त्यांनी पाहिली होती, ओढ्यातली टोपली पाहिली नव्हती. आपल्याकडेही कातकरी आणि ठाकर कडू कंद उकळून, रात्रभर वाहत्या पाण्यात ठेवून खाण्याजोगे करतात. पाठ्यपुस्तकात या विद्येला मी कधी एक ओळही दिली नाही, याची मला त्या टोपलीपुढे उभी असताना थोडी लाज वाटली.

परतीच्या बसमध्ये बसल्यावर यांच्या मोज्यातून एक जळू निघाली. कोकणातल्या माणसाने तिचे काय करायचे, हे येथे सांगायला नको.

ब्रिस्बेनला आल्यावर दुसऱ्या दिवशी मुलाच्या घरासमोरच्या पदपथावर मला तीच जाड, तपकिरी शेंग पडलेली दिसली. ब्लॅक बीनची झाडे तेथे रस्त्याकडेला शोभेसाठी लावतात, आणि आम्ही तीन आठवडे त्याच झाडाखालून दूध आणायला जात होतो. शेंग फोडली तर आत चार बिया. “भाजून पाहायच्या का?” यांनी विचारले. आधी वाहता ओढा शोधा, मी म्हटले. बिया अजून तेथे स्वयंपाकघराच्या खिडकीत आहेत, असे मुलगा फोनवर सांगतो. त्यांतल्या एकीला कोंब आला आहे.