तुम्ही विचारलंत म्हणून: स्पॅनिश बातम्या कशाला बघता?

विचारणारे बदलतात, प्रश्न तोच. मंडळाच्या गणपतीत कुणी विचारतं, भारतातून आलेले पाहुणे विचारतात. माझ्या नणंदेने तर सांगलीहून आल्याच्या दुसऱ्याच दिवशी चहाचा कप हातात घेऊन विचारलं, "वहिनी, सकाळी सकाळी हे काय लावून बसता हो? कळतं का त्यातलं?"

कळतं, वन्सं. सगळं नाही, पण कामापुरतं कळतं.

मी न्यूयॉर्कच्या क्वीन्समध्ये, जॅक्सन हाइट्सला राहते. तिथून सात नंबरच्या गाडीने चार स्टेशनं पुढे कोरोना नावाची वस्ती आहे (हो, नाव तेच, साथीच्या कितीतरी आधीपासूनचं). तिथल्या एका औषधाच्या दुकानात मी काउंटरवर असते. गिऱ्हाइकं एक्वादोरची, मेक्सिकोची, कोलंबियाची, आणि डॉमिनिकन, म्हणजे कॅरिबियन बेटांवरची. सुरुवातीला माझं स्पॅनिश म्हणजे दुकानातल्या डॉमिनिकन मुलीने शिकवलेले शंभरेक शब्द. त्यातला एक 'ग्वाग्वा', म्हणजे बस. एके दिवशी एक एक्वादोरची बाई आली आणि म्हणाली, ग्वाग्वासाठी काहीतरी द्या. मी मोठ्या हुशारीने बस लागू नये म्हणून घ्यायच्या गोळ्या काढून ठेवल्या. बाई गोळ्यांकडे बघते, माझ्याकडे बघते, आणि शेवटी बाबागाडीतल्या तापलेल्या पोराकडे बोट दाखवते. एक्वादोरमध्ये ग्वाग्वा म्हणजे तान्हं बाळ! तो तिथल्या मूळ रहिवाशांच्या केचुआ भाषेतून आलेला शब्द, कॅरिबियन बेटांवरच्या बसशी त्याचं काही नातं नाही. आमच्याकडे डांगर म्हणजे उडदाच्या पिठाचं तोंडीलावणं आणि खानदेशातल्या मैत्रिणीकडे चक्क भोपळा, तसलाच प्रकार. फक्त इथे मधे औषध होतं, म्हणून हसू जरा उशिराने आलं.

त्या रात्री घरी येऊन मी पहिल्यांदा 'न्यूयॉर्क वन नोतिसियास' लावलं. नोतिसियास म्हणजे बातम्या.

या वाहिनीची थोरली बहीण इंग्रजी. 'न्यूयॉर्क वन' १९९२ साली केबल कंपनीने काढली ती फक्त या एका शहराच्या बातम्यांसाठी. चोवीस तास. बातमीदार स्वतःच कॅमेरा खांद्यावर टाकून जायचा, स्वतःच चित्रण करायचा, स्वतःच बोलायचा. २००३ मध्ये तिच्या पाठीवर ही स्पॅनिश बहीण आली. पुढे २०१६ मध्ये मूळ कंपनीच विकली गेली आणि दोघींच्या नावामागे 'स्पेक्ट्रम' लागलं. दोघी केबलवरच्या. छपरावर अँटेना लावून त्या दिसत नाहीत.

या बहिणींचा मला झालेला फायदा असा, की बऱ्याच बातम्या दोघींकडे त्याच असतात. आधी इंग्रजीत ऐकायची, मग तीच स्पॅनिशमध्ये. मेट्रोची कुठली लाइन शनिवार-रविवारी बंद, कुठे आग लागली, शाळांचे प्रवेश कधी. माहीत असलेलीच गोष्ट परक्या भाषेत ऐकली की शब्द आपोआप चिकटतात. लहानपणी पाठ असलेली कहाणी दरवर्षी नव्याने ऐकायचो ना, तसं.

आणि निवेदक बोलतात ते कुठल्याच एका देशाचं स्पॅनिश नसतं. बसला ग्वाग्वा नाही म्हणत, 'आउतोबूस' म्हणतात, म्हणजे पोर्तो रिकोच्या आजोबांनाही कळतं आणि मेक्सिकोच्या पोरालाही. आपली प्रमाण मराठी असते तसं धुतलेलं, इस्त्री केलेलं. खरं सांगायचं तर मला ते थोडं बेचव वाटतं. गल्लीतल्या स्पॅनिशची फोडणी त्यात नाही. पण काउंटरवर तेच कामी येतं, कुणाचंही बाळ बसमध्ये बसत नाही.

एक शब्द मात्र मला शिकावा लागला नाही. जूनमध्ये शहराचं भाडेमंडळ दरवर्षी मतदान करतं. भाड्यावर सरकारी लगाम असलेली सुमारे दहा लाख घरं आहेत, त्यांचं भाडं किती वाढवू द्यायचं ते त्या दिवशी ठरतं. आमचं घर त्यातलंच, म्हणून मी कान टवकारून बसलेली. बातमीत एक भाडेकरू बाई तावातावाने म्हणाली, 'पागार ला रेंता'. मी नवऱ्याला हाक मारली, "अहो, ही पगार म्हणाली!" पागार म्हणजे पैसे देणे. आपला पगार आला पोर्तुगीजांकडून, त्यांच्याकडेही शब्द हाच आणि अर्थही देण्याचाच. आपण तो उलटून घेणाऱ्याच्या बाजूने लावला. आमच्या घरात मात्र दोन्ही अर्थ महिन्याच्या एक तारखेला एकत्र नांदतात.

राजकारणाचाही कार्यक्रम असायचा, 'पुरा पोलीतिका', हुआन मानुएल बेनीतेस चालवायचे. पुरा म्हणजे निव्वळ. नणंदेला हे नाव सांगितलं तर ती दचकलीच. सांगलीच्या माणसाला 'पुरा' ऐकलं की कृष्णाच आठवते.

मंडळातले लोक विचारतात, इंग्रजी असताना हा उपद्व्याप कशाला? २०२०च्या जनगणनेत या शहरात हिस्पॅनिक, म्हणजे स्पॅनिश बोलणाऱ्या देशांच्या मुळाचे सुमारे २५ लाख लोक होते. क्वीन्सच्या मतपत्रिकेवर इंग्रजीबरोबर स्पॅनिश, चिनी, कोरियन आहे आणि आपल्या देशातल्या भाषांपैकी बंगाली. मराठी नाही, आणि असावी इतके आपण नाहीही. तेव्हा शेजारणीकडून विरजण आणावं तशी मी तिची भाषा आणते. शिवाय त्या बातम्यांत शेजारीण स्वतः दिसते. हातगाडीवर फळं विकणारी, घर रिकामं करायची नोटीस हातात धरून उभी असलेली. इंग्रजीत तिच्या बोलण्यावर दुसऱ्याचा आवाज चढवतात. इथे ती स्वतः बोलते, आणि पुरतं बोलते.

उणीही आहेत. त्याच त्या बातम्या दिवसभर फिरत राहतात, दुपारपर्यंत कंटाळा येतो. पण सांगलीला गेले की टीव्हीवर आठ चौकटींत आठ माणसं एकमेकांवर ओरडत असतात आणि आपल्या गल्लीत पाणी कधी येणार ते कुणी सांगत नाही. मग मला इथल्या या कंटाळ्याची आठवण येते.

एकदा रस्त्याच्या बाजू बदलून गाड्या लावायच्या नियमाची बातमी चालू होती. उद्या हा नियम नाही, कारण दिवाळी. स्पॅनिश वाक्याच्या मधोमध आलेली ती दिवाळी ऐकून मी करंज्यांचं पीठ तसंच टाकून बाहेर आले होते.

नणंद तीन महिने राहिली. पहिल्या आठवड्यात नाक मुरडायची, मग हळूहळू हवामानापुरती येऊन बसायला लागली. इंग्रजी वाहिनीची, म्हणजे थोरल्या बहिणीची, ती जुनी खूण, शेवटी १ असलेल्या मिनिटाला हवामान, म्हणजे दर दहा मिनिटांनी. स्पॅनिशमध्ये हवामानाला 'तिएम्पो' म्हणतात आणि वेळेलाही तिएम्पोच, हे तिला फार आवडलं. परवा सांगलीहून तिचा फोन आला. ख्यालीखुशाली विचारायच्या आधीच म्हणाली, "वहिनी, तुमच्याकडे युबिया आहे का हो? आमच्याकडे सकाळपासून धरलाय."

युबिया म्हणजे पाऊस. तिला मी शिकवलेला नाही.