रोममध्ये डोळे गंडतात त्या जागा

रोमला गेलं की कोलोसियम, व्हॅटिकन, ट्रेव्ही फाउंटन हे ठरलेलंच असतं आणि ते बघायलाच हवं यात वाद नाही, पण मी आणि ताई यावेळी जरा वेगळ्याच नादाने फिरलो, म्हणजे जिथे डोळे सपशेल गंडतात अशा जागा शोधत. सतराव्या शतकात तिथल्या मंडळींना या खेळाचं चक्क वेड लागलं होतं, त्यामुळे फार शोधावं लागत नाही.

पँथिऑनच्या जवळच सांत इन्यात्सिओ नावाचं चर्च आहे. आत शिरलं की भली मोठी रांग दिसते, ती कशासाठी तर मधोमध ठेवलेल्या एका तिरक्या आरशासाठी! त्यात वरचं अख्खं सीलिंग दिसतं आणि सगळ्यांना त्याच्यासकट सेल्फी हवा असतो. गंमत म्हणजे यातल्या बऱ्याच लोकांनी मान वर करून खरं सीलिंग बघितलेलंच नसतं. पण आरशात वाकून बघितल्यावर मला क्षणभर गरगरलं हे खरं, कारण पायाशी एकदम खोल विहीर उघडल्यासारखं वाटतं. आरशावरून उजेड वळून आपल्याकडे येतो, पण तो वळलाय हे मेंदू धरतच नाही, तो सरळ रेषेत आला असं समजून वस्तू आरशाच्या पलीकडे मांडतो. म्हणून वरची उंची खाली खोली होऊन बसते.

आता ते सीलिंग. आंद्रेआ पोत्सो हा चित्रकार स्वतः जेझुइट नावाच्या कॅथलिक धार्मिक संघातला होता, त्याने वरच्या कमानदार छतावर अजून एक मजला, खांब, कमानी आणि त्याच्यावर उघडं आकाश असं सगळं रंगवलंय. फरशीवर एक संगमरवरी चकती आहे, तिच्यावर उभं राहिलं की खरी भिंत कुठे संपते आणि रंगवलेली कुठे सुरू होते हे शपथ घेऊन सांगता येत नाही. चकतीवरून चारपाच पावलं बाजूला झालात की मात्र ते सगळे खांब एका अंगाला कलंडायला लागतात. कारण सगळी गणितं त्या एका बिंदूवरून केलीयेत, छताखाली दोऱ्यांची जाळी बांधून ती वरच्या गोलाईवर उतरवायची अशी त्याची पद्धत होती. पुढे दुसरी खूण आहे, तिथून घुमट दिसतो, छान खोल, आतून उजेड आलेला. घुमट नाहीचये तिथे! बांधायचा राहूनच गेला म्हणून 1685 मध्ये पोत्सोने सपाट कॅनव्हासवर रंगवून दिला, सुमारे 17 मीटर रुंद. आपले दोन डोळे किंचित वेगवेगळं चित्र बघतात आणि त्यावरून मेंदू खोली काढतो, पण हा हिशोब जवळच्या वस्तूंना जसा लागू पडतो तसा इतक्या उंचावरच्या वस्तूला पडत नाही, दोन्ही डोळ्यांना जवळजवळ सारखंच दिसतं, त्यामुळे कॅनव्हास सपाट आहे हे सांगायला कोणी उरतच नाही.

त्या रात्री हॉटेलच्या बाथरूममध्ये वाफेने धुरकटलेल्या आरशावर ताईने बोटाने स्वतःच्या चेहऱ्याची आउटलाइन काढली आणि ती खऱ्या चेहऱ्याच्या बरोबर निम्मी निघाली. मागे सरकून काढली तरी निम्मीच. प्रतिबिंब आरशाच्या तेवढंच मागे असतं जेवढे आपण पुढे, म्हणून आरसा नेहमी मधोमध येतो आणि अर्धा आकार पुरतो. रोज आरशात बघतो आणि हे कधी दिसलं कसं नाही देव जाणे.

माझी सगळ्यात आवडती जागा मात्र पलाझो स्पादा, म्हणजे स्पादांचा महाल. बोरोमिनी नावाच्या वास्तुकाराने 1650 च्या सुमारास कार्डिनल, म्हणजे बड्या कॅथलिक धर्मगुरू, स्पादासाठी एक खांबांची गॅलरी बांधली, समोरून बघताना वाटतं चांगली 35 मीटर लांब असेल आणि टोकाला माणसाएवढा पुतळा आहे. प्रत्यक्षात लांबी 9 मीटरपेक्षा कमी आणि पुतळा जेमतेम 60 सेंटिमीटर! खांब मागे जाता जाता बुटके होत जातात, जमीन चढत जाते, छत उतरत जातं, बाजूच्या भिंती जवळ येतात. सगळे खांब सारखेच असणार हे मेंदूने मनाशी धरलेलं असतं, त्यामुळे बारका दिसला म्हणजे लांब असणार असा निष्कर्ष तो परस्पर काढून टाकतो. पर्यटकांना आत सोडत नाहीत पण तिथल्या स्टाफमधली एक बाई आत चालत गेली आणि आमच्या डोळ्यांदेखत राक्षसीण झाली, पुतळ्यापाशी पोचली तेव्हा पुतळा तिच्या पायांपर्यंतच. विसाव्या शतकात एम्स नावाच्या अमेरिकन माणसाने तिरकी खोली बांधून हाच प्रकार दाखवला, सायन्स म्युझियममध्ये असते ना, एका कोपऱ्यात माणूस बुटका आणि दुसऱ्यात अवाढव्य, तीच. आणि आकडे माहीत असून काय उपयोग, ती बाई बाहेर आल्यावर गॅलरी परत लांबच लांब दिसायला लागली. मला तर हेच सगळ्यात भारी वाटतं, की माहिती डोक्यात असली तरी डोळे ती ऐकून घेत नाहीत.

सेंट पीटर्स चौकातही अशा चकत्या आहेत, त्यावर उभं राहिलं की बर्निनी या वास्तुकाराच्या खांबांच्या चार रांगांची एकच रांग होते. बघा, मजा येते, पण तिथे गर्दी फार.

शेवटी व्हिया पिकोलोमिनी, एक साधा रहिवासी रस्ता. लांबच्या टोकावरून सेंट पीटर्सचा घुमट दोन्हीकडच्या इमारतींमध्ये गच्च बसलेला, प्रचंड दिसतो आणि जसजसं जवळ जावं तसतसा तो चक्क लहान होत मागे सरकतो. सुरुवातीला घुमटाला चौकट असते इमारतींची, पुढे गेलं की चौकट उघडते, आजूबाजूचा मोकळा भाग दिसतो आणि मेंदू घुमट त्या सगळ्याशी तोलायला लागतो. ताईला हे पटेना, ती म्हणाली, अगं खरंच लहान होतोय, दिसतंय ना समोर! मग मोबाईलवर झूम न करता दोन्ही टोकांवरून फोटो काढले आणि तिथेच कठड्यावर बसून स्क्रीनवर बोटाने मापलं, जवळचा घुमट किंचित मोठाच भरला. ताईने पुन्हा मापलं. मग फोन मला देऊन परत रस्त्याच्या दुसऱ्या टोकाला निघाली, यावेळी उलटी चालत, घुमट फुगताना बघत, आणि मी मागून येणाऱ्या गाड्यांवर लक्ष ठेवत तिच्या पुढे पुढे.