क्वोलेक बाईंचं ते 'चुकून' प्रकरण

28 फेब्रुवारी

विज्ञान दिन म्हणून आज शाळेत नायलॉनचा दोरा काढून दाखवायला गेले होते. बीकरमध्ये खाली एक द्रावण, त्यावर अलगद दुसरं ओतायचं, दोन्ही जिथे भेटतात तिथे पापुद्रा धरतो, तो चिमट्याने उचलला की दोरा निघतच राहतो, काचेच्या कांडीवर गुंडाळत बसायचं. आठवीच्या पोरांना जाम आवडतं. एकाने विचारलं, मॅडम याचाच मांजा करतात का, तर वर्गाच्या बाईंनी डोळे वटारले (संक्रांतीला नायलॉन मांजावर बरीच भाषणं झाली असणार). प्रश्न काही वाईट नव्हता. हा दोरा लेचापेचा असतो, मांज्याचं नायलॉन वितळवून, ओढून, ताणून करतात, एवढं सांगितलं. मग हा प्रयोग 1959 साली स्टेफनी क्वोलेक आणि पॉल मॉर्गन यांनी छापला, त्याच क्वोलेक बाईंनी पुढे केवलार (बुलेटप्रूफ जॅकेटमधला तो दणकट धागा) शोधलं, असंही सांगितलं. तर पुढच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, हो वाचलंय, ते चुकून लागलं ना त्यांना?

उत्तर दिलं थोडक्यात, पण रिक्षात बसल्यावर ते 'चुकून' डोक्यातून जाईना.

बाईंचं सगळं करिअर बघितलं तर चुकून काही नाही हो. 1923 चा जन्म, पेनसिल्व्हेनियात, आईवडील पोलंडहून आलेले, दहा वर्षांची असताना वडील गेले. डॉक्टर व्हायचं होतं, पैसे नव्हते, म्हणून 1946 ला केमिस्ट्रीची डिग्री घेऊन तात्पुरती नोकरी करू, पैसे साठवू, असा हिशोब. ड्यूपाँट या केमिकल कंपनीत मुलाखत घेतली हेल चार्च यांनी, वॉटरप्रूफ सेलोफेन (वेष्टनाचा पारदर्शक कागद) शोधणारे. ते म्हणाले दोन आठवड्यांत कळवतो. बाई म्हणाल्या लवकर कळवा, मला दुसरीकडे उत्तर द्यायचंय. चार्चनी तिथल्या तिथे सेक्रेटरीला बोलावून ऑफर लेटर सांगायला घेतलं! मी माझ्या पहिल्या मुलाखतीत फक्त 'हो सर, वाट बघते' म्हणाले होते, आणि वाट बघितली सुद्धा.

मग ती तात्पुरती नोकरी 1986 पर्यंत चालली. डॉक्टरकी राहिलीच.

केवलारची गोष्ट नेहमी योगायोग म्हणून सांगतात. 1964 च्या आसपास टायरसाठी हलका पण दणकट धागा शोधायचं काम होतं, पेट्रोलची टंचाई येईल असं वाटत होतं म्हणून. बाईंनी जे पॉलिमर (लांब साखळीसारख्या रेणूंचा पदार्थ) बनवलं त्याचं द्रावण ताकासारखं, पातळ आणि गढूळ. आता आमच्या धंद्यात कोणीही सांगेल, धागा काढायचं द्रावण घट्ट आणि स्वच्छ लागतं, पातळ गढूळ दिसलं की बॅच फसली, सिंकमध्ये ओत. बाईंनी ते गाळून बघितलं, न विरघळलेले कण असतील तर निघून जातील म्हणून, तरी गढूळच. म्हणजे कचरा नाही, काहीतरी वेगळंच आहे. (साखळ्या इतक्या ताठ होत्या की एकमेकींत गुंतायच्या ऐवजी शेजारी शेजारी ओळीने उभ्या राहत होत्या, म्हणून पातळ. हे तेव्हा पॉलिमरमध्ये फारसं कोणी बघितलेलं नव्हतं.)

पुढचा भाग मला सगळ्यात आवडतो. स्पिनिंगचं, म्हणजे द्रावणातून धागा काढायचं, मशीन सांभाळणारे चार्ल्स स्मलेन म्हणाले, हे मी लावणार नाही, स्पिनरेटची (धागा बाहेर पडतो त्या चाळणीची) भोकं बुजतील. आणि भोकं कसली, केसाहून बारीक, त्या माणसाचंही चूक नव्हतं. बाई मागेच लागल्या, शेवटी त्यांनी लावलं, आणि धागा तुटेचना. टेस्टिंगचे आकडे आले तर बाईंना विश्वास बसेना, कोणाला न सांगता पुन्हा पुन्हा टेस्टला पाठवले, मग सांगितलं. वजनाला वजन धरलं तर स्टीलच्या पाचपट ताकद. याला चुकून म्हणायचं? पंधरा-अठरा वर्षं बेंचवर काढलेल्या बाईलाच कळणार की हे गढूळ आणि ते गढूळ यात फरक आहे.

आणि नुसतं कळून भागत नाही, मशीनवाल्याला पटवावं लागतं. आपल्याकडे लॅबमधल्या मुली अभ्यासात पुढे, निरीक्षण पक्कं, पण प्लँटवाला एकदा 'नाही जमणार मॅडम' म्हणाला की विषय संपला. मला तर जुन्या एका कंपनीत सरळ सांगितलं होतं की लेडीजना क्यूसी (मालाची तपासणी) बरं, प्लँटच्या भानगडीत पडू नका. मी क्यूसीतच राहिले.

बाकी केवलार बाजारात यायला 1971 उजाडलं, मधल्या काळात बाकीच्या टीमने खपून सल्फ्युरिक ॲसिडमधून धागा काढायची पद्धत बसवली, ते श्रेय त्यांचंच. पेटंट कंपनीच्या नावावर, जसं सगळीकडे असतं. बुलेटप्रूफ जॅकेटचंच कौतुक होतं, पण मागच्या महिन्यात फायबरवाला नेट जोडायला आला होता, त्याने केबल सोलली तर आत पिवळे धागे, तेही याच जातीचे. माझी शिवणाची कात्री दिली तर नुसती घसरत होती, हसला आणि स्वतःची काढली.

आमच्या नव्या ज्युनिअरचं एक सॅम्पल दोन आठवडे पडून आहे, एक्स्ट्रूडरवाले (प्लास्टिक वितळवून साच्यातून ढकलणाऱ्या मशीनवरचे) लावून देत नाहीत म्हणे. सोमवारी तिला परत पाठवणार, एमएफआयचा (वितळल्यावर माल किती सहज वाहतो त्याचा) रिपोर्ट हातात देऊन. तरी नाही म्हणाले तर मी जाते बरोबर.