एटनाखालचा बंदी आणि सुर्तची गुहा

सिसिलीतील कातानिया हे काळ्या दगडाचे शहर आहे. रस्त्यांवरील फरसबंदी, जुन्या इमारतींचे चौथरे, चर्चच्या पायऱ्या, हे सारे एटना पर्वताने ओकलेल्या लाव्हाच्या दगडातून घडलेले आहे. १६६९च्या उद्रेकात हाच लाव्हा शहराच्या पश्चिम तटबंदीला येऊन भिडला होता. पुढे १६९३च्या भूकंपात शहर जवळजवळ पूर्ण कोसळले आणि लोकांनी ते पुन्हा त्याच जागी, त्याच डोंगराच्या पायथ्याशी, त्याच्याच दगडातून उभे केले.

ग्रीक आणि नॉर्स (म्हणजे प्राचीन स्कँडिनेव्हियन) पुराणकथांतील दैत्य हा माझ्या वाचनाचा जुना विषय आहे. या दोन्ही परंपरांमध्ये दैत्यांचे आगीशी जवळचे नाते दिसते, म्हणून या उन्हाळ्यात भूमध्य समुद्रातील सिसिली आणि उत्तर अटलांटिकमधील आइसलँड ही दोन ज्वालामुखी बेटे एकाच प्रवासात जोडून पाहिली. जमिनीखाली आग असणाऱ्या मुलखात राहणारा माणूस त्या आगीला कोणते रूप देतो आणि तिच्याशी कसा वागतो, एवढेच मला पाहायचे होते.

कातानियाहून सकाळी सुटणारी बस १,९१० मीटर उंचीवरील सापिएन्झा या थांब्यावर सोडते. तिथून रोपवेने सुमारे २,५०० मीटरपर्यंत जाता येते, आणि शिखरावरील मुखांच्या परिसरात वाटाड्यावाचून जाऊ देत नाहीत. रोपवेतून उतरल्यावर पायाखाली येते ती मातीही नव्हे आणि खडीही नव्हे, तर सच्छिद्र, हलकी आणि प्रत्येक पावलाला करकरणारी राख. मूठभर उचलली तर वजन जाणवत नाही. पण वाटाड्याने दाखवलेल्या एका जागी ती वीतभर उकरल्यावर हाताला स्पष्ट ऊब लागली. वर मुखातून पांढरा धूर निघत होता, आणि मधूनच, कानांपेक्षा पायांनाच आधी कळावा असा दबका गडगडाट होत होता. सुमारे ३,४०० मीटर उंचीच्या त्या डोंगराखाली कोणीतरी आहे, असे प्राचीन लोकांना का वाटले असावे, हे तिथे कोणाला वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

तो कोण, हे सांगण्यासाठी थोडे मागे जावे लागेल. इसवी सनापूर्वी ७००च्या सुमारास हेसियड या कवीने ‘थिऑगनी’ या काव्यात विश्वाची वंशावळ मांडली आहे. प्रथम केऑस, म्हणजे आ वासलेली पोकळी. मग गाया ही पृथ्वी, तिच्या तळाशी टार्टारसचा अंधार, आणि एरोस. गायाने आपल्यातूनच युरेनस, म्हणजे आकाश, निर्माण केले आणि त्याच्यापासून तिला बारा टायटन, तीन एकाक्ष सायक्लोप्स आणि शंभर हातांचे, पन्नास डोक्यांचे तीन महाकाय पुत्र झाले. युरेनसला ही संतती डोळ्यांसमोर नको होती, म्हणून त्याने तिला पृथ्वीच्या पोटातच कोंडले. वेदनेने कळवळलेल्या गायाने एक विळा घडवला आणि टायटनांतल्या धाकट्या क्रोनसने त्या विळ्याने बापाचे लिंग कापले. जमिनीवर पडलेल्या रक्ताच्या थेंबांतून जे जन्मले, त्यांतच दैत्यही होते. पुढे क्रोनसचा मुलगा झ्यूस आणि टायटन यांच्यात दहा वर्षे युद्ध चालले, टायटन हरले आणि टार्टारसमध्ये गेले. ते किती खोल आहे, याचे हेसियडने दिलेले माप मला फार आवडते: आकाशातून सोडलेली पितळी ऐरण नऊ दिवस आणि नऊ रात्री पडत राहून दहाव्या दिवशी पृथ्वीवर पोहोचेल, आणि पृथ्वीवरून टार्टारसपर्यंत पोहोचायला तिला पुन्हा तेवढाच काळ लागेल.

एवढे होऊनही गाया हार मानत नाही. ती टायफॉनला जन्म देते. त्याच्या खांद्यांवर सापांची शंभर मस्तके आहेत आणि ती मस्तके कधी बैलासारखी हंबरतात, कधी सिंहासारखी गर्जतात, तर कधी कुत्र्याच्या पिल्लांसारखे आवाज काढतात. (बैल आणि सिंह कोणालाही सुचले असते, पिल्ले सुचायला हेसियडच हवा.) झ्यूस विजेने त्याला भाजून काढतो आणि टार्टारसमध्ये भिरकावतो. त्याला एटनाखाली नेऊन ठेवले ते नंतरच्या कवींनी. सिराक्यूजचा सत्ताधीश हिएरॉन याने या डोंगराच्या नावाचे नगर वसवले होते. रथांच्या शर्यतीतील त्याच्या विजयासाठी इ. स. पू. ४७०मध्ये रचलेल्या गीतात पिंडार हा ग्रीक कवी सांगतो की, टायफॉनची केसाळ छाती इटलीच्या किनाऱ्यापासून सिसिलीपर्यंत दाबून धरलेली असून एटना हा त्याच्यावर रोवलेला आकाशाचा खांब आहे. दिवसा त्यातून धुराचे लोट वाहतात आणि रात्री लाल ज्वाळा खडकांना समुद्रात लोटतात. रोमन कवी व्हर्जिलच्या काव्यात हाच बंदी एन्सेलाडस या नावाचा दैत्य आहे आणि तो कूस बदलतो तेव्हा सगळी सिसिली हादरते.

या कथांमध्ये युद्ध संपलेले आहे, हे मला महत्त्वाचे वाटते. डोंगर धुमसतो तो कैद्याच्या चुळबुळीने. कैदी सुटेल अशी भीती कवीला नाही, उलट त्याच्या तळमळण्यातून झ्यूसची सत्ता किती पक्की आहे हेच सिद्ध होते. आपल्याकडे बळीलाही पाताळात घातले गेले, पण दिवाळीच्या पाडव्याला घरोघरी ‘इडा पिडा टळो, बळीचे राज्य येवो’ असे म्हटले जाते. एन्सेलाडसचे राज्य यावे असे म्हणणारा ग्रीक माझ्या वाचनात अद्याप आलेला नाही.

हा विजयाचा सूर सर्वात स्पष्टपणे दिसतो तो बेटाच्या दक्षिण किनाऱ्यावर, आग्रिजेन्तोच्या झ्यूस मंदिराच्या अवशेषांत. इ. स. पू. ४८०मध्ये हिमेराच्या लढाईत कार्थेज या उत्तर आफ्रिकेतील सत्तेचा पराभव झाल्यानंतरच्या काळात हे मंदिर उभारले जात होते. त्याचा चौथरा सुमारे ११२ मीटर लांब आणि ५६ मीटर रुंद आहे. खांबांवरच्या उभ्या खाचा एवढ्या रुंद होत्या की त्यांत माणूस उभा राहू शकेल, असे डायोडोरस हा इतिहासकार लिहितो, आणि पडलेल्या एका तुकड्याशेजारी उभे राहिल्यावर त्यात अतिशयोक्ती नाही हे पटते. पूर्वेच्या त्रिकोणी दर्शनी भागावर देव आणि दैत्यांचे युद्ध कोरलेले होते, असेही तो सांगतो. खांबांच्या मधल्या भिंतींपाशी साडेसात मीटरहून उंच असे दगडी महापुरुष उभे होते. दोन्ही हात डोक्यामागे दुमडून ते वरच्या बांधकामाचा भार पेलत असत. त्यांतला एक आता संग्रहालयात उभा आहे. दगडांच्या थरांतून जुळवलेल्या त्याच्या शरीराचे सांधे उघडे पडले आहेत आणि चेहरा झिजून नाक-डोळे केवळ अंदाजाने ओळखावे लागतात. पण कोपरांचा कोन आणि ताणलेल्या बरगड्या यांतून भार अजूनही जाणवतो. याच डायोडोरसने नोंदवले आहे की, या नगरातील मंदिरांसाठी दगड काढण्याचे काम युद्धकैद्यांकडून करून घेतले गेले. दगडातले हरलेले महाकाय आणि खाणीतली हरलेली माणसे एकाच इमारतीला जुंपलेले होते. इ. स. पू. ४०६मध्ये कार्थेजने नगर जिंकले तेव्हा मंदिर अपुरेच होते, आणि अठराव्या शतकात त्याचे दगड जवळच्या बंदराच्या धक्क्यासाठी नेले गेले.

कातानियाच्या उत्तरेला आची त्रेझ्झा या कोळ्यांच्या गावासमोर समुद्रात काळ्या खडकांचे सुळके उभे आहेत. आंधळ्या झालेल्या पॉलिफेमस या सायक्लोप्सने होमरच्या महाकाव्याचा नायक ओडिसियस याच्या जहाजावर फेकलेले हेच ते खडक, असे तिथे सांगतात. सिसिलीतील गुहांत सापडणाऱ्या खुज्या हत्तींच्या कवट्यांमधील सोंडेचे भोक पाहून एकाक्ष राक्षसाची कल्पना सुचली असावी, असा तर्क ओथेनियो आबेल या पुराजीवशास्त्रज्ञाने १९१४मध्ये मांडला होता. तर्क मोहक आहे. सिद्ध झालेला नाही.

तिथून आइसलँडला पोहोचल्यावर कातडीला जाणवणारा फरक हवेचा आहे, पण जमिनीचा नाही. रेकहोल्टच्या वाटेवर डेल्डारतुंगुह्वेर येथे दर सेकंदाला सुमारे १८० लिटर उकळते पाणी जमिनीतून बाहेर पडते आणि नळांवाटे ६४ किलोमीटरवरील आक्रानेसपर्यंत घरे तापवायला जाते. रेकहोल्ट हे स्नोरी स्टुर्लुसन याचे गाव. जवळपास आज आपल्याला ज्ञात असलेली सारी सुसंगत नॉर्स पुराणकथा या राजकारणी, जमीनदार आणि कवी असलेल्या माणसाने १२२०च्या सुमारास ‘एड्डा’ या ग्रंथात नोंदवली. चर्चमागच्या उतारावर त्याचे गोल दगडी कुंड आहे. व्यास चारएक मीटर, पाणी अजूनही उष्ण झऱ्यातून दगडी पाटाने येते आणि शेजारच्या हिरव्या टेकाडात घराकडे जाणाऱ्या भुयाराचे लाकडी दार दिसते. १२४१ साली याच गावातील त्याच्या घराच्या तळघरात त्याच्या शत्रूंनी त्याला ठार केले.

स्नोरी ख्रिस्ती होता, त्याच्या देशाने धर्म बदलून दोनशे वर्षे उलटून गेली होती. तरी त्याने जे लिहिले ते परक्या धर्माच्या निंदेसारखे वाचले जात नाही. त्याच्या कथेत आरंभी गिनुंगागाप नावाची पोकळी आहे, उत्तरेला निफ्लहेमचे गोठवणारे धुके आणि दक्षिणेला मुस्पेलची आग. उत्तरेकडून आलेल्या नद्या त्या पोकळीत गोठल्या, दक्षिणेच्या ठिणग्यांनी ते हीम वितळले आणि थेंबांतून इमिर हा आदिदैत्य आकाराला आला. तो झोपेत घामाघूम झाला असता त्याच्या डाव्या काखेत एक स्त्री आणि एक पुरुष उपजले. त्याच हिमातून आउदहुम्ला नावाची गाय झाली. तिच्या दुधाच्या चार धारांवर इमिर पोसला गेला आणि ती स्वतः खारट बर्फाचे दगड चाटत राहिली. पहिल्या दिवशी त्या दगडातून केस दिसले, दुसऱ्या दिवशी डोके आणि तिसऱ्या दिवशी पूर्ण पुरुष बाहेर आला. बुरी नावाच्या त्या पुरुषाच्या नातवांनी, म्हणजे देवांचा प्रमुख ओडिन आणि त्याच्या दोन भावांनी, इमिरला मारले आणि त्याच्या मांसाची जमीन, रक्ताचा समुद्र, हाडांचे डोंगर, कवटीचे आकाश आणि मेंदूचे ढग केले. ऋग्वेदातील पुरुषसूक्त ज्याने ऐकले आहे त्याला ही रचना ओळखीची वाटेल आणि अभ्यासकांनीही या दोन्ही कथांचा संबंध तपासला आहे. फरक एवढाच की पुरुषसूक्तात यज्ञ आहे आणि इथे खून आहे.

ज्या ओडिनने दैत्याला मारले त्याची आई बेस्टला हीसुद्धा दैत्यकन्याच. ग्रीकांतही झ्यूस हा टायटनचाच मुलगा आहे, पण सत्ता हाती आल्यावर ते नाते तिथे मागे पडते. उत्तरेत ते तुटत नाही: देव दैत्यांच्या मुलींवर भाळतात, त्यांच्याकडे ज्ञान मागायला जातात, आणि देव-दैत्यांची शेवटची लढाई अजून व्हायची आहे. त्या दिवशी मुस्पेलचा दैत्य सुर्त दक्षिणेकडून आग घेऊन येईल, दैत्यकन्या गेर्डसाठी आपली तलवार देऊन बसलेल्या फ्रेयर या देवाला मारेल आणि जग जाळून टाकेल. इथे आग कोंडलेली नसून ती यायची आहे.

सुर्तच्या नावाची गुहा रेकहोल्टच्या पूर्वेला हाल्मुंडारह्रउन या लाव्हाच्या पठारावर आहे. हुसाफेलच्या पुढे डांबरी रस्ता संपतो आणि शेवाळाने मढलेल्या काळ्या खडकांतून खडीची वाट जाते. ढासळलेल्या छताच्या एका खड्ड्यातून आत उतरावे लागते. शिरस्त्राण, दिवा आणि हातमोजे हवेतच, कारण तळ सपाट नाही. छतातून निखळलेल्या, धारदार कडांच्या शिळांवर हातापायांनी चढत-उतरत पुढे जावे लागते आणि खोलगट जागी उन्हाळ्यातही बर्फ असते. भिंतींवर वितळलेल्या दगडाचे आडवे पट्टे स्पष्ट दिसतात. लाव्हाची पातळी उतरत गेली तसतशी ती रेघ मारत गेली. पठार तयार करणारा उद्रेक आइसलँडमध्ये वस्ती सुरू झाल्यानंतर थोड्याच काळात झाला, म्हणजे पहिल्या काही पिढ्यांतील लोकांनी ही आग स्वतः पाहिली असणार.

त्यांनी पुढे काय केले ते केव्हिन स्मिथ या पुरातत्त्वज्ञाच्या चमूने २०२१मध्ये प्रसिद्ध केलेल्या संशोधनातून कळते. गुहेच्या आतील भागात दगड रचून केलेली नौकेच्या आकाराची रचना आहे, आणि तिथे मेंढ्या, गायीगुरे, घोडे, डुकरे यांची जाळलेली हाडे, मणी आणि हरताळ या पिवळ्या खनिजाचे अंश सापडले. काही मणी इराकमधून आले होते, हरताळ पूर्व तुर्कस्तानातून. व्हायकिंग जगाच्या दुसऱ्या टोकाहून आलेल्या इतक्या महाग वस्तू या निर्जन पठारावरच्या अंधारात नेऊन ठेवल्या गेल्या आणि देश ख्रिस्ती होईपर्यंत हे चालू राहिले. आइसलँडच्या वसाहतीचा वृत्तांत सांगणाऱ्या ‘लांडनामाबोक’मध्ये थोरवाल्ड नावाचा माणूस सुर्तच्या गुहेपाशी जाऊन तिथल्या दैत्याची स्वतः रचलेली स्तुती त्याला ऐकवतो. सिसिलीत दैत्यांचा पराभव मंदिरावर कोरून साजरा झाला. सुर्तला मात्र नैवेद्य आणि काव्य मिळाले, कारण जिंकणार तो आहे हे सगळ्यांना ठाऊक होते. मला हा दुसरा व्यवहार अधिक प्रामाणिक वाटतो.

थिंगवेल्लिर या आइसलँडच्या जुन्या लोकसभेच्या जागी इसवी सन १०००च्या सुमारास भरलेल्या सभेत धर्मांतराचा वाद चालू असताना जवळच्या एका भागात ज्वालामुखी उसळल्याची बातमी आली. देव रागावले आहेत, असे जुन्या धर्माचे लोक म्हणाले. तेव्हा स्नोरी गोदी (‘गोदी’ म्हणजे सरदार; हा लेखक स्नोरीच्या आधीचा) याने विचारले, “ज्या लाव्हावर आपण आत्ता उभे आहोत, तो जळत होता तेव्हा देव कशावर रागावले होते?” त्या भेगाळलेल्या खडकावर उभे राहून हा प्रश्न वाचला की तो पुराणकथेचा नसून भूगर्भशास्त्राचा वाटतो.

तरीही नाव टिकले. १४ नोव्हेंबर १९६३ रोजी दक्षिण किनाऱ्याजवळ समुद्रातून उद्रेक सुरू झाला, तो ५ जून १९६७ पर्यंत चालला आणि त्यातून तयार झालेल्या बेटाला सुर्तसे म्हणतात. हेइमाए बेटावरून निरभ्र दुपारी ते नैर्ऋत्येला दिसते. तिथे संशोधकांखेरीज कोणालाही उतरू देत नाहीत आणि लाटांनी त्याचा निम्मा भाग एव्हाना खाल्ला आहे. एटनावरील १८९२च्या मुखांना सिसिलीच्या लोकांनी सिल्व्हेस्त्री या ज्वालामुखीतज्ज्ञाचे नाव दिले. आइसलँडने विसाव्या शतकात, रेडिओ आणि विमानांच्या काळात, नव्या जमिनीला त्या दैत्याचेच नाव दिले.